उपासाच्या डब्यातला जवळा

गरम बटाटे कुस्करून त्यावर घट्ट झाकण ठेवणारी बाई मूर्ख असते. ती बाई मी. एवढं मी हसत हसत शंभर वेळा सांगितलंय — सुनेला, नातींना, दहिसरच्या या नव्या बिल्डिंगमधल्या मैत्रिणींना. महाशिवरात्रीला पॅटिस तळायला घेतली की नाती मागे लागतात, "आजी, अप्पांची गोष्ट सांग ना!" मी सांगते. हातवारे करून सांगते. सगळ्या लोळून हसतात. पण मी ती गोष्ट जिथे थांबवते ना, त्याच्या पुढे ती अजून थोडी आहे. तेवढी कुणालाच सांगितलेली नाही. आमच्या ह्यांनाही नाही — आणि ते तर आता ऐकायलाही नाहीत.

आज सांगते. आजच का, ते विचारू नका. मलाच ठाऊक नाही.

चौऱ्याऐंशी साल असेल, नाहीतर पंच्याऐंशी. लालबागच्या चाळीतून उठून आम्ही बोरिवलीला ब्लॉक घेतला. दीड खोली, पण संडास घरात! मला वाटलं, आता मी राणी. घर बघायला आलो तेव्हा सेक्रेटरींच्या मिसेस स्वतः किल्ली घेऊन आल्या होत्या — कुसुमताई. बिल्डिंग सगळी शाकाहारी. तसा नियम कुठे लिहिलेला नव्हता, पण जिना चढतानाच कळायचा. त्यांनी सहज विचारल्यासारखं विचारलं, "तुम्ही मालवणकडचे ना? मग मासे वगैरे...?"

आमचे हे तोंड उघडणार, तेवढ्यात मी म्हणाले, "छे हो! आमच्या सासऱ्यांच्या गळ्यात माळ आहे."

सासऱ्यांच्या गळ्यात! सुरमईचा काटा घशात अडकला तरी पुढचा घास थांबवायचा नाही तो माणूस. त्याच्या गळ्यात मी उभ्या उभ्या तुळशीची माळ घातली. ह्यांनी माझ्याकडे असं बघितलं, की बस. पण ब्लॉक मिळाला.

आणि त्या ब्लॉकात मी अडकले.

तुम्ही कधी खिडक्या बंद करून बांगडा तळलाय? एकोणतीस वर्षांची मी, चांगली अंगापिंडाने धडधाकट, आणि स्वतःच्या घरात चोरासारखी. दुपारी साडेअकराला चारी मजल्यांवर कुकरच्या शिट्ट्या सुरू झाल्या की मी तवा ठेवायचे. दाराच्या फटीला ओलं फडकं. तीन उदबत्त्या. घामाच्या धारा लागलेल्या, डोळ्यांतून पाणी, आणि तेल चुरचुरलं की मी तव्यालाच "शू!" करायचे. काटे वर्तमानपत्रात गुंडाळून ह्यांच्या ऑफिसच्या बॅगेत. बिचारे मरोळपर्यंत न्यायचे आणि तिथे टाकायचे. मग महिनाभर हिंमत व्हायची नाही. नुसती आमटी-भात. रात्री माझ्या स्वप्नात पापलेटं यायची. हसू नका. खरंच यायची.

दार वाजलं की मी आधी स्वतःचे हात हुंगायचे. कुणी शेजारीण "काय छान वास येतोय उदबत्तीचा" म्हणाली, तरी मला ती टोमणा मारतेय असं वाटायचं. एका थापेपायी माणूस किती आखडून जगतो, बघा.

त्या घरात मला मोकळा श्वास घेता यायचा तो फक्त एका बाईसमोर. हिरा. आमच्या बिल्डिंगमध्ये सात घरची भांडी घासायची. माझ्याहून दहाएक वर्षांनी मोठी, कोळीण, मनोरीचं माहेर. रोज सकाळी गोराईची खाडी होडीने ओलांडून यायची. भांडी घासणाऱ्या बाईपासून काय लपतं? पहिल्याच आठवड्यात तिने माझा तवा नाकाशी नेला, माझ्याकडे बघितलं, आणि तिच्या तोंडावर असं हसू पसरलं!

"बाय, नुसता घासून नाय जायाचा ह्यो वास. चिंच लाव."

बस. त्या दिवसापासून आमची गट्टी. माहेराहून येताना ती भाजीच्या पिशवीत तळाशी जवळ्याची पुडी घालून आणायची — जवळा म्हणजे ती तांदळाएवढी सुकी कोळंबी हो. ह्यांना ऑफिसातून यायला वेळ असला की आम्ही दोघी दार लावून स्वयंपाकघरात फरशीवर बसायचो. कांद्यात परतलेला जवळा, तांदळाची भाकरी. ती मला तिच्या सासूच्या नकला करून दाखवायची आणि मी तोंडावर पदर दाबून हसायचे. आवाज बाहेर जायला नको ना! त्या बिल्डिंगमध्ये माझी म्हणावी अशी मैत्रीण ती एकच.

मैत्रीण म्हणते खरी. पण तिचा चहाचा कप वेगळा होता. कान तुटलेला. तोही मीच ठेवला होता वेगळा. सांगायला बसलेच आहे तर हेही सांगते.

आता जवळा लपवायचा कुठे? शेजारणी कधीही घरात यायच्या, डबे उघडून साखर न्यायच्या. मी डोकं चालवलं. उपासाच्या डब्याला कोण हात लावणार? शिंगाड्याच्या पिठाचा पितळी डबा होता, त्यात खोल, अगदी बुडाशी, पिठात पुरून ठेवली पुडी. स्वतःवर एवढी खूश झाले मी! वरून शिंगाडा, खालून समुद्र.

त्या वर्षी कुसुमताईंनी ठरवलं, महाशिवरात्रीला सगळ्या बिल्डिंगचा फराळ गच्चीवर एकत्र करायचा. उपासाची पॅटिस. कुणाकडे खोबऱ्याचं सारण, कुणाकडे चटणी, कुणाकडे दही. आणि बटाटे? "बटाटे शालिनीकडे. तिचं सगळं कसं स्वच्छ असतं, माळकरी घर." मला इतकं धन्य वाटलं म्हणून सांगू! तीन वर्षांत पहिल्यांदा त्या बिल्डिंगने मला आपलं म्हटलं होतं.

मग मी शहाणपणा केला. आदल्या दुपारीच सात किलो बटाटे उकडले. सकाळी धावपळ नको, सगळ्यांच्या आधी माझं तयार असलं पाहिजे — मिरवायचं होतं ना! सालं काढली, वाफ निघत असतानाच कुस्करले, मोठ्या पातेल्यात दाबून बसवले, आणि वर परात ठेवली. घट्ट. वर वरवंटा. मांजर येईल म्हणून. चौथ्या मजल्यावर कुठलं मांजर?

सकाळी परात उचलली तर तिच्या पोटाला थेंबच थेंब लोंबत होते. रात्रभर वाफेचं पाणी गळून बटाट्याचा नुसता चिकट चिखल झालेला. गोळा वळेना. हाताला लागतोय तो सुटेना. आणि गच्चीवरून कुसुमताईंची हाक, "शालिनी, पाठव गं वर!"

कुणाकडे पीठ मागायला जायचं तर मूर्खपणा चव्हाट्यावर येणार. मी डबा ओढला. दोन मुठी शिंगाड्याचं पीठ घातलं. पुरेना. आणखी दोन. तरी पुरेना. शेवटी डबा उचलून सरळ उपडा केला, पुडी तेवढी हाताने अडवली, आणि भराभर मळलं. गोळा झाला. देवाला हात जोडले.

पुडी फाटली होती. बघितलं का मी? नाही. वास आला का? तीन वर्षं त्या वासात राहिलेल्या नाकाला कसला वास येणार!

पातेलं जड होतं. हिरा तेवढ्यात भांड्यांना आली होती. "दे बाय, मी नेतंय," म्हणाली आणि कमरेवर घेऊन गच्चीवर गेली. मागून मी, नवी साडी नेसून.

पुढची गोष्ट नातींना पाठ आहे. कढई तापली, पॅटिस झाली, पहिला मान कुसुमताईंच्या सासऱ्यांचा — अप्पांचा. अप्पांनी मोठा घास घेतला. चावला. थांबले. जिभेवरून काहीतरी चिमटीत धरून काढलं आणि ताटलीच्या कडेला ठेवलं. सगळे वाकले.

"जिरं असेल, अप्पा," कुणीतरी म्हणालं.

अप्पांनी चष्मा पुसून पुन्हा लावला. "जिऱ्याला डोळे असतात का गं?"

इथे मी थांबते. इथे सगळ्या हसतात. मीही हसते.

आता पुढचं.

कुसुमताईंनी गॅस बंद केला. दुसरं पॅटिस फोडलं. त्यात दोन निघाले. अप्पा गॅलरीकडे — नाही, गच्चीच्या नळाकडे चूळ भरायला गेले. सत्तर वर्षांचा तो माणूस, जन्मात ज्याच्या तोंडाला मासा लागला नव्हता, आणि तोही आज, उपासाला. पाच-सहा चुळा भरल्या, तरी नळ सोडेनात. ते मी नातींना सांगत नाही.

मला वाटलं, आता सगळे माझ्याकडे बघणार. बटाटे माझे. मी मनात सामान बांधायला लागले. खरं सांगू? एका क्षणाला सुटल्यासारखंही वाटलं. आता खिडक्या उघडता येतील.

पण कुसुमताईंच्या डोक्यात ते आलंच नाही. माळकऱ्याच्या सुनेवर कोण संशय घेणार? त्यांनी मला विचारलं — रागाने नाही, अगदी विश्वासाने —

"शालिनी, पातेलं वर कुणी आणलं?"

काय खोटं होतं त्यात? साधा प्रश्न. साधं उत्तर. मी उत्तर दिलं.

"हिराने."

एकच शब्द. आणि खरा! आयुष्यभर थापा मारलेल्या बाईने नेमकं तेव्हाच खरं बोलावं?

मग बाकीचं मला बोलावं लागलंच नाही. ज्यांना बोलायचं ते बोलले. "कोळीण ती, पदरात काय काय बांधून आणत असेल." "हात तरी धुतले होते का?" "मुद्दाम केलं असेल, ह्या लोकांचा काय नेम." हिरा टाकीजवळ उकिडवी बसून ताटं विसळत होती. ती उठून उभी राहिली. ओले हात तसेच लोंबत होते. तिने कुणाकडे बघितलं नाही, फक्त माझ्याकडे.

तिने एक वाक्य बोलायचा अवकाश होता. डबा कुठला, पुडी कुणाची, सगळं तिला ठाऊक. मी तिच्या डोळ्यांत बघितलं का? मी पातेल्यात बघत होते. उरलेले बटाटे किती, ते.

ती परत खाली बसली आणि ताटं विसळायला लागली. संध्याकाळपर्यंत सात घरांपैकी सहा घरांनी तिला नको म्हणून सांगितलं. त्या सात घरांवर तिचं घर चालायचं.

सहा का, ते कळलं असेल तुम्हाला. सातवं माझं.

मी रात्रभर विचार केला. हिला मी ठेवलं तर? कुसुमताई म्हणतील, सगळ्यांनी काढली आणि ह्यांनाच बरी ही चालते? मग कुणीतरी डोकं चालवील. मग माळ तुटेल, मग ब्लॉक — मी सगळा हिशोब नीट मांडला. त्या एका रात्रीत माझं डोकं इतकं चाललं, तेवढं बटाटे झाकताना चाललं असतं तर!

सकाळी ती आली. नेहमीच्या वेळेला, नेहमीसारखी दोनदा कडी वाजवून. मी साखळी न काढता दार उघडलं. वीतभर. त्या फटीतून ती मला अर्धीच दिसत होती. समोरच्या घराचं दार उघडं होतं, तिथल्या वहिनी केर काढत होत्या. त्यांना ऐकू जाईल अशा बेताने, चढ्या आवाजात मी म्हणाले, "आमच्याकडेही नको गं आजपासून. आम्हाला असलं चालत नाही."

आम्हाला असलं चालत नाही. हेच शब्द. शब्दन् शब्द आठवतो.

मला वाटलं, आता ओरडेल. ओरडावं असंही वाटलं. तिने फटीतून आत बघितलं, बंद खिडक्यांकडे, मग माझ्याकडे. समोरच्या वहिनींना ऐकू जाणार नाही एवढा आवाज तिने उतरवला. तेवढंही तिने माझ्यासाठी केलं. आणि म्हणाली,

"मना दुसरी घरं मिलतील गो बाय. तुला याच घरान ऱ्हावाचं हाय."