बारकी न पकडणारा तांडेल

रत्नागिरीहून नाटे गावाला जाणाऱ्या एसटीत एक तांडेल माझ्या शेजारी बसले होते. वय साठीचं, धंदा मासेमारीची होडी हाकण्याचा. मासेमारी बंदी चालू असल्याने हातात मोबाइल होता आणि त्यावर राक्षस पकडून पाळण्याचा खेळ चालला होता. तो मीही खेळतो, असं मी सांगितलं.

"खेळातली माजी गोष्ट संपली," ते म्हणाले. "सगळ्यांना हरवलं, राजा झालो. आता पकडलेल्यांची यादी पुरी करायची. बंदी उठली की येळ नाय."

त्यांनी यादी दाखवली. मोठे राक्षस सगळे होते. बारा पिल्लांच्या जागा तेवढ्या रिकाम्या होत्या.

"पिल्लं भेटली नाहीत?"

"भेटतात वो ढीगभर! पन बारकं समोर आलं की माजा हातच उठत नाय. जन्मभर बारकी मासळी सोडून दिली. तुमी पकडा नि मला द्या."

"म्हणजे पाप माझ्या माथी?"

"तुमी काय करता?"

"वर्तमानपत्रात असतो."

"मग तुमाला चालतंय."

मागच्या बाकावरची बाई हसली. मी माझ्या मोबाइलवर एक पिल्लू पकडलं आणि त्यांना पाठवलं. बदल्यात त्यांनी मला एक दांडगा राक्षस दिला. यादीत नाव चढल्याचं त्यांनी चष्मा वर करून दोनदा तपासलं आणि लगेच पिल्लू सोडून दिलं; नाव यादीत राहिलंच. आपला नेम आणि यादी दोन्ही सांभाळणारा असा माणूस मी बातम्यांच्या धंद्यातही पाहिला नव्हता.

"अजून अकरा," ते म्हणाले. "चला, हात चालवा. नाटं लांब हाय."