उजव्या नाकातली नथ

आधीच सांगतो, असल्या गोष्टींची मी टिंगल करत आलोय. सिनेमावाल्यानं भुताखेतांवर विश्वास ठेवावा तरी कसा... आमची भुतं मेकअपरूममध्ये बिड्या ओढत बसलेली असतात. तरी हे लिहितोय.

पुढं मी मुंबईत सिनेमाला चाली लावल्या, पण त्याआधी जालन्यात तंबूतल्या सिनेमात पेटी वाजवायचो. निजामाचं राज्य, सिनेमा अजून मुका. मोंढ्याच्या बाजारामागच्या मैदानात तंबू, मधोमध पाणी मारलेला पांढरा पडदा. मशीनच्या बाजूला पुरुष, पडद्यामागं बाया. त्यांना चित्र आरपार दिसायचं, पण उलटं — डावं ते उजवं. मी पडद्याला लागून पुरुषांच्या बाजूला बसायचो.

माझी माय आंधळी. मी दोन महिन्यांचा असताना तिला देवी आल्या, त्यात डोळे गेले. मावशीचा हात धरून ती रोज दिवेलागणीच्या खेळाला यायची. मी वाजवायचो ते तिच्यासाठीच. घोडा पळाला की बोटं पळवायची, नटी रडली की भाता सावकाश.

घरी जाताना रोज विचारायचो, "दिसलं का गं माय?"

"ऐकलं की लेका," म्हणायची. खोटं बोलता येत नसे तिला, काय करणार.

त्याच सुमारास मुंबईच्या एका कंपनीचं बोलावणं आल्तं. तिकडं बोलपट सुरू झाले होते, चाली बांधणारे हवे होते. मी काही जात नव्हतो. मी गेल्यावर मायला चित्र कोण दाखवणार?

"येडा झाला का रे? मी हाय की तिच्यापाशी," मावशी चिडायची.

मग नवा खेळ लागला. त्यात एक बाई लेकाला वाटेला लावून दारात उभी राहते. मला काही सुचेना. एकच सूर धरून बसलो.

खेळ सुटला, आम्ही घराकडं निघालो. घराजवळ आल्यावर माय म्हणाली, "त्या बाईनं नथ उजव्या नाकात काहून घातल्ती रे?"

मी मावशीकडं पाहिलं.

"म्या न्हाई सांगितलं. मी डोळे पुसून राह्यल्ते, नथीकडं कोण बघतं?"

"माय, तुला दिसली?"

"दिसली. पदर बी उलट्याच खांद्यावर. बराबर नेसता बी येत न्हाई तिला." मग माझा हात चाचपून म्हणाली, "आता जाय तू मुंबईला. पाह्यलं म्या एक डाव."

दुसऱ्या दिवशी विचारलं तर म्हणाली, "न्हाई." पुन्हा कधीच दिसलं नाही.

मी मुंबईला गेलो. कित्येक वर्षं मला वाटायचं, माझ्या पेटीनंच दाखवलं तिला. गर्वच होता म्हणा ना. मग एका रेकॉर्डिंगला बसल्या बसल्या डोक्यात आलं — मी तर पुरुषांच्या बाजूला होतो. मला नथ डाव्या नाकातच दिसत होती. माझ्या सुरांतून दिसली असती, तर मायलाही डाव्याच नाकात दिसायला हवी होती. म्हणजे तिनं तिच्या जागेवरून, तिच्याच डोळ्यांनी पाहिलं. कसं, ते डॉक्टरांनाही विचारून झालं. मला आजही सांगता येत नाही.

पण तोवर माय गेली होती. त्या रात्री वाटेत मी तिच्यासमोरच उभा होतो. मी दिसलो का, हे विचारायचं राहूनच गेलं.