बावजीर सरांचं आडनाव

शाळा सुटते आणि नांदेडची गाडी यायला बराच अवकाश असतो. मुदखेडजवळच्या एका शाळेतली आम्ही मास्तर मंडळी मग स्टेशनच्या बाकावर बसून राहतो. एक चहा होतो, दुसरा होतो, मोबाईलची बॅटरी संपत येते, आणि मग कुणीतरी म्हणतं, "ते बावजीर सरांचं सांगा की." असे किती किस्से साठलेत, आता मोजदाद नाही. बावजीर सर स्वतः तिथंच बसलेले असतात आणि सगळ्यांत आधी तेच हसतात.

सलीम बावजीर, गणिताचे. निजामाच्या फौजेत चाकरीला अरब लोक आले, त्यातले एक त्यांचे खापरपणजोबा. आडनाव तेवढं तिकडचं राहिलं. बाकी सर पक्के नांदेडचे.

*

रुजू झाले त्या दिवशी मुख्याध्यापकांनी परिपाठाला ओळख करून दिली, "आपले नवीन शिक्षक, बा. वजीर सर." मग ऑफिसात बोलावून हळूच विचारलं, "बा म्हणजे बाबूराव का बाळासाहेब?"

"सर, माझं नाव सलीम हाय. बा आडनावातच हाय."

मुख्याध्यापक विचारात पडले. "म्हणजे वडिलांना आडनावातच घेतलंय का? बरी सोय आहे."

*

त्याच वर्षी तालुक्याच्या बुद्धिबळ स्पर्धा आल्या. संघ घेऊन कुणी जायचं? मुख्याध्यापकांना प्रश्नच पडला नाही. "वजीर सर असताना दुसरं कोण?"

सरांनी आयुष्यात पट बघितला नव्हता. मुलांकडूनच शिकत शिकत गेले आणि पहिल्याच फेरीत संघ हरून परत आला. मुख्याध्यापकांनी विचारलं, "असं कसं झालं?"

सर म्हणाले, "वजीर असून काय करू सर, मला घोडाच कळंना."

*

एकदा डबा खाताना त्यांनी सांगितलं की अरबीत वजीर या शब्दाचा मूळ अर्थ 'ओझं वाहणारा' असा सांगतात. राज्याचं ओझं वाहतो, तो वजीर. आम्ही ऐकून घेतलं. मुख्याध्यापकांनी लक्षात ठेवलं.

त्यानंतर जनगणना सरांकडे, मतदार यादी सरांकडे, सहल सरांकडे, खिचडीच्या तांदळाचा हिशेबही सरांकडे. एक दिवस तांदळाचा ट्रक आला आणि शिपाई रजेवर. मुख्याध्यापकांनी नुसतं त्यांच्याकडे बघितलं.

सरांनी बाह्या वर केल्या, पोत्याला हात घातला आणि म्हणाले, "सर, ओझं वाहणारा म्हणलो होतो. हमाल न्हाई म्हणलो."

मग मुख्याध्यापकांनीही पोत्याचं दुसरं टोक धरलं.

*

शिरूर अनंतपाळला एका सहकाऱ्याच्या घरचं लग्न होतं. मांडवात एक म्हातारी आमच्या शेजारी बसली आणि तिनं सरांची चौकशी सुरू केली.

"कुठलं म्हनायचं तुमी?"

"नांदेडचे."

"आन् त्याच्या आदी?"

"लई आधी आमचे लोक अरबस्तानातून आले, मावशी."

"म्हंजी उदगीरच्या पल्याड?"

सर म्हणाले, "हाव. थोडं पल्याडच."

म्हातारीनं समाधानानं मान हलवली. "तरीच. मंग कानडी येत आसंल तुमाला."

*

आता हा शेवटचा. हा स्टेशनवर निघाला की सर पाणी प्यायला उठून जातात.

त्यांची मुलगी सुमैया दहावीला चांगली निघाली. तिला डॉक्टर व्हायचं होतं, म्हणजे लातूरला क्लास आलाच. सर तिला घेऊन खोली बघायला गेले. फोनवर सगळं ठरायचं. दारात गेल्यावर घरमालक आडनाव विचारायचे आणि आडनाव ऐकलं की म्हणायचे, "अहो, आत्ताच एकांनी घेतली खोली." गल्ली बदलली, उत्तर तेच. संध्याकाळी मला सरांचा फोन आला. आवाज एकदम खाली गेलेला.

"मॅडम, पोरगी म्हणून राहिली, अब्बा, घरी चला. मी नांदेडातच काहीतरी करते."

लातूरला माझी विमलमावशी एकटी राहते. मी तिला फोन लावला. आमच्या सरांची मुलगी आहे, खोली पाहिजे, म्हटलं.

"आडनाव काय?"

"बावजीर."

"कोणातले?"

"मुसलमान. मूळचे अरब."

तिकडं मावशीनं टीव्हीचा आवाज बंद केला.

"मटण-अंडी घरात चालणार नाही."

"नाही आणणार ती."

"पहाटे उठते का? नळ कधीही येतो, मोटर लावायला माझ्यानं उठवत नाही आता."

"नमाजाला उठते."

"मग पाठव."

महिन्याभरानं मी लातूरला गेले. मावशी सुपात शेंगा फोडत बसली होती आणि सुमैया तिला टेकून फिजिक्सचं पुस्तक वाचत होती. मावशीनं सहज विचारलं, "काय गं, तुझ्या आडनावाचा अर्थ काय?"

सुमैया म्हणाली, "आजी, तिकडं येमेनकडं नावाच्या आधी बा लावतात. बा म्हणजे अमक्याच्या घरचे. बावजीर म्हणजे वजिराच्या घरचे."

मावशी "हं" म्हणाली आणि पुढची शेंग फोडली.

तेवढ्यात समोरच्या काकू आल्या. मुलाकडून नुकत्याच परतलेल्या, त्यामुळे त्यांना ही मुलगी नवीन. सुमैयाकडे बघत त्यांनी मावशीलाच विचारलं, "भाडेकरू ठेवली वाटतं. आडनाव काय हिचं?"

"मोठं आहे बाई," मावशी म्हणाली. "मला अर्धंच म्हणता येतं."

"अर्धं तर सांगा."

मावशीनं सूप सुमैयाच्या मांडीवर सरकवलं.

"घरची."