आता सोडतो

आज पोहण्याच्या तलावावर एक बाप मुलीला शिकवत होता. "सोडणार नाही, घाबरू नकोस," म्हणता म्हणता त्याने हात काढून घेतला. पोरगी गटांगळी खाऊन वर आली, तिने आधी काठ गाठला आणि मग बापाकडे पाहिलं. ते पाहणं मला बघवलं नाही.

आमचे कवायतीचे सर आठवले. लष्करातून निवृत्त होऊन ते आमच्या शाळेत आले होते. गावच्या विहिरीत पोहायला शिकवताना ते पोटाखाली हात धरायचे, आणि काढण्याआधी दर वेळी सांगायचे, "आता सोडतो." ते ऐकलं की मी त्यांचं मनगट घट्ट पकडायचे. एकदा मी म्हटलं, "सर, न सांगता सोडा ना."

"मग उद्या मी 'धरलंय' म्हणालो, तर तुला खरं वाटेल का?"

लढाईत त्यांचे जवान त्यांच्या शब्दावर पुढे का गेले असतील, ते मला आता कळतं.

तलावात बाप हात पसरून म्हणत होता, "ये, धरतो." पोरगी काठ सोडेना.

सरांचे माझ्यावर फार उपकार आहेत, आणि त्यात पोहणं नंतरचं. त्यांच्या एका 'धरलंय'वर मी त्या खोल विहिरीत डोळे मिटून अंग टाकून द्यायचे.