धुऊन ठेवलेलं भांडं

सुंदराबाई गमरे परळच्या एका इस्पितळात आमच्या वॉर्डाच्या आया होत्या. रोग्याच्या अंगातून जे बाहेर पडेल ते औंसाच्या मापाने मोजायचं आणि आम्हाला सांगायचं, हे त्यांचं काम. आम्ही ते तक्त्यावर लिहायचो आणि त्यावर अक्कल पाजळायचो. मी नवा डॉक्टर होतो, त्यामुळे माझी अक्कल फारच ताजी होती.

सत्तावन्नचा मे महिना. संयुक्त महाराष्ट्राच्या मोर्च्यात दिवसभर उन्हात फिरलेला करी रोडचा गणपत जुलाब-उलट्यांनी आडवा झाला. आणला तेव्हा डोळे खोल गेलेले, जीभ कोरडी ठाक. सलाईनच्या बाटल्या चढवल्यावर तो जरा बोलू लागला. पण दुसऱ्या दिवशी दुपारी त्याचे हातपाय लुळे पडले. जुलाबावाटे नुसतं पाणी जात नाही, मीठ जातं, पोटॅशियमही जातं; ते घटलं की हातपाय लुळे पडतात. ते भरून काढावं, तर लघवी होत असल्याशिवाय देता येत नाही; अंगात साठलं तर हृदय बंद पडतं. आणि तक्त्यावर सकाळपासून लघवी, जुलाब दोन्हींपुढे माझ्या हातची शून्यं होती.

मूत्रपिंडं बसली, असं मी ठरवून टाकलं. आता पाणी दिलं तर छातीत साठेल, म्हणून सलाईन बंद करायला सांगितलं. गणपतची बायको चंपा खाटेच्या पायथ्याशी उभी होती. मी तिला काही विचारलं नाही.

सुंदराबाई मध्ये आल्या. "डॉक्टर, बाटली काढू नका. खाटेखालचं भांडं रिकामं असतं, पण दरवेळी धुतलेलं असतं. न वापरलेलं भांडं कोण धुतं?"

चंपाने मान खाली घातली. "मीयाच मोरयेत ओततंय. घोवाची घाण दुसऱ्या बाईक कशी उचलूक सांगू? माका लाज वाटता."

"किती वेळा ओतलंस?" सुंदराबाईंनी विचारलं.

"लघवी दोनदा. जुलाब सात-आठ तरी."

मी गणपतच्या पोटाची कातडी चिमटीत धरून सोडली. घडी तशीच उभी राहिली. माणूस पाण्यावाचून सुकत होता आणि मी त्याचं पाणी तोडायला निघालो होतो.

सलाईन चालूच ठेवलं. चारच्या सुमारास चंपा पदराखाली झाकून भांडं घेऊन आली आणि तिने ते सुंदराबाईंच्या हातात दिलं. नऊ औंस. मग पोटॅशियम सुरू केलं, अगदी सावकाश. दुसऱ्या दिवशी सकाळी गणपतने आपणहून कूस बदलली.

त्या दिवशी सुंदराबाई माझ्या टेबलापाशी येऊन उभ्या राहिल्या. "मला कालच दिसलं होतं, सकाळीच. वाटलं, भांड्याला माझा हात लागू नये म्हणून ही बाई स्वतः धुतेय. आता बुद्धाची दीक्षा घेतली, तरी ते शिवाशिवीचं मनातून जात नाही हो. रागानं गप्प बसले. माणूस गेला असता माझ्यामुळं."

मी कालचा तक्ता काढला. सकाळच्या प्रत्येक शून्यावर काट मारून शेजारी लिहिलं, 'मोजलं नाही, विचारलं नाही.' खाली सही केली.

सुंदराबाईंना अक्षरं लावत लावत वाचता येई. त्यांनी ते सगळं वाचलं आणि सहीवर बोट ठेवून विचारलं, "हे तुमचंच नाव ना?"

"माझंच," मी म्हणालो.