खांद्यामागची खूण

मेंढीची हुबेहूब नक्कल प्रयोगशाळेत तयार झाल्याची बातमी पेपरात आली, तेव्हा आमच्या शेजारपाजारी बरेच दिवस तोच विषय होता. एका सेवानिवृत्त प्राध्यापकांनी चहा पिता पिता विचारलं, "उद्या माणसाचीही होईल. एखाद्या आईला तिचं गेलेलं लेकरू परत मिळालं तर बिघडलं कुठं?" मी हातातला कप खाली ठेवला. परत मिळालेलं लेकरू मी होऊन बसले आहे. प्रयोगशाळा लागली नव्हती, एक आत्या पुरेशी होती.

तळेगावच्या अलीकडे आमची संत्र्याची बाग होती. माझ्या आधीची बहीण सहा वर्षांची होऊन तापानं गेली. तिला पुरायला नेण्याआधी आत्यानं तिच्या डाव्या खांद्यामागे काजळाचा ठिपका लावला. लेकरू त्याच कुशीत परत येतं आणि येताना ती खूण घेऊन येतं, असं आमच्याकडे मानत. दीड वर्षानं मी झाले. आत्यानं मला उताणी-पालथी करून पाहिलं. खूण नव्हती. "निघन हळूहळू," ती म्हणाली आणि माझं नाव बहिणीचंच ठेवलं.

नावाबरोबर तिचे फ्रॉक आले, तिचं पितळी भांडं आलं, आणि आली साय. बहिणीला साय आवडायची म्हणे. रोज संध्याकाळी दुधाच्या वाटीवर ती जाड, पिवळट, सुरकुतलेली साय माझ्यासमोर यायची. ओठाला चिकटली की पोटातून उमळून यायचं. एकदा तर मी आत्याच्या लुगड्यावरच ओकले.

"तिले त लय आवडे. तुले काऊन नाई आवडत?" आत्या खरोखरच्या आश्चर्यानं विचारायची.

बाबा बागेत कलमं करत. जंबेरी या आंबट रानलिंबाच्या खुंटावर चांगल्या संत्र्याच्या फांदीचा डोळा बसवायचा, आणि खुंटाला स्वतःची फूट आली की ती नखानं खुडून टाकायची. मी त्यांच्या मागे मागे फिरायचे. ती कोवळी, हिरवी फूट मातीत पडलेली पाहून मला रडू यायचं. का यायचं ते तेव्हा सांगता आलं नसतं, आता येतं.

आई या सगळ्यात गप्प असायची. माझ्याकडे पाहायची ती कुणाला तरी शोधत असल्यासारखी, आणि सापडलं नाही की उठून कामाला लागायची. मला जवळ घेतल्याचं आठवत नाही.

मी सहा वर्षांची झाले. आत्या मला बाजाराला घेऊन गेली आणि तिनं मला गोंदणारणीपुढे बसवलं. पोरींच्या हनुवटीवर, हातावर गोंदतात हे मला ठाऊक होतं. माझं मात्र पोलकं सरकवून खांद्यामागे गोंदलं. सुया टोचत असताना आत्यानं माझं तोंड दाबून धरलं होतं. "घरी सांगजो नको," ती म्हणाली आणि हातावर रेवड्या ठेवल्या.

सूज उतरल्यावर तिनं मला स्वयंपाकघरातल्या अंधारात आईपुढे उभं केलं. "पाह्य व, निघाली खूण! मी म्हनलं नव्हतं?"

आईनं बोट फिरवलं आणि मला इतकं घट्ट धरलं की श्वास कोंडला. रडत होती, हसत होती, मुके घेत होती. मी खरं सांगू शकले असते. नाही सांगितलं. ती मिठी मला हवी होती, आणि त्या हवेपणाची किळस मला आजही येते, आत्याच्या सुयांपेक्षा जास्त.

त्यानंतर आई विचारायची, "तुले आठोते का व, आपन विहिरीवर बसून बोरं खाल्ली होती?" मी म्हणायचे, हो. "तुह्या पायात काटा गेलता?" हो. मेलेल्या पोरीच्या तोंडानं बोलायला मी पटापट शिकले. आई जेवू लागली, अंगावर मांस धरू लागली. घरात सगळे खूश होते.

मग आत्या सेलूला एका लग्नाला गेली. मला न्हाऊ घालायचं काम आईवर आलं. अंगणात, लख्ख उन्हात, तिनं माझी पाठ घासायला घेतली आणि तिचा हात थांबला. मी मान वळवून पाहिलं. ती माझ्या खांद्याकडे पाहत होती, मग स्वतःच्या मनगटाकडे. तिथे तिच्या लहानपणी गोंदलेलं तुळशीवृंदावन होतं. हिरवा रंग तोच. कुठल्याही बाईला कळलं असतं.

मला वाटलं, आता सुटले. आता ती विचारेल, तू कोण गं? मी वाट पाहत होते. तिनं तांब्या उचलला. गार झालेलं पाणी माझ्यावर ओतलं आणि अंग पुसून दिलं.

संध्याकाळी तिनं स्वतः वाटी आणली. साय नेहमीपेक्षा जाड होती. "पेऊन घे बेटा," माझ्याकडे न बघता ती म्हणाली, "तुले आवडते."

मी गिळली. त्या दिवसानंतर आईनं मला काही आठवतं का म्हणून कधीच विचारलं नाही. साय मात्र माझं लग्न होऊन मी घर सोडेपर्यंत रोज येत राहिली.