पायाकडची दोरी

सातवीत शाळा सोडलेल्या माणसाला स्कॉटलंड दिसलं ते डॉक्टरांमुळे. आमच्या गावचे डॉक्टर तिथल्या इस्पितळात लागले, तेव्हा त्यांच्या बायकोच्या, म्हणजे वहिनींच्या हाताखाली स्वयंपाकाला मला बरोबर घेऊन आले. पुढे ते लंडनकडे वेम्बलीला गेले. तिथल्या घरात मला खोली नव्हती. पण त्यांचे एक पेशंट होते, स्कॉटलंडातल्याच जुन्या सरदार घराण्यातले. लढाईत डावा हात गेलेला, पार्लमेंटात निवडून आलेले. त्यांना गाडी चालवायला आणि वरकामाला माणूस हवा होता. डॉक्टरांनी शब्द टाकला आणि मी राहिलो.

साहेब पार्लमेंटात होते तोवर त्या घरात फोन सारखा वाजायचा. सत्तरनंतरच्या एका निवडणुकीत ते पडले आणि फोन जो गप्प झाला तो झालाच. एवढ्या थोरल्या घरात आम्ही दोघंच. ते जेवणघरात एकटे जेवायचे, मी स्वयंपाकघरात एकटा. सकाळी मात्र मधलं दार उघडं ठेवून ते पेपरातली पार्लमेंटची भाषणं मोठ्याने वाचायचे. मी बटाटे सोलता सोलता 'येस सर' म्हणायचो. एकदा म्हणाले, इतकी वर्षं तिथे ओरडलो आणि मिळवलं काय, तर एक पूल. तोही जिथे मला कोणी मत देत नाही त्या गावाला.

त्याच थंडीत माझे वडील गेल्याची तार आली. ती हातात पडली तेव्हा गावी सगळं उरकलेलं होतं. तरी जाऊन ये, तिकीट मी काढतो, असं साहेब म्हणाले. मी नको म्हणालो. त्या दिवसांत बाहेरच्यांना देशात घेण्याचे कायदे बदलत होते. गेलेल्याला परत घेतील याची खात्री कोणी देईना, आणि गावचं घर तर माझ्या पगारावर चालायचं. साहेबांनी शेकोटीत एक लाकूड सारलं.

"त्या कायद्याला मीही मत दिलं होतं," ते म्हणाले.

एवढंच. मला राग यायला हवा होता, असं वहिनी फोनवर म्हणाल्या. पण ज्याच्या घरचं अन्न खातो त्याचा राग कुठून आणायचा, ते मला कधी जमलं नाही.

मी त्यांना इतकंच सांगितलं की आमच्यात मुलगा बापाला खांदा देतो, माझा तेवढा राहून गेला. तेव्हा त्यांनी त्यांच्याकडची रीत सांगितली. शवपेटीला आठ दोऱ्या लावतात. कोणती कोणी धरायची ते घरचे ठरवतात, आणि ती आठ माणसं मिळून पेटी खड्ड्यात सोडतात. "माझ्या वेळी एक तू धर," ते म्हणाले. ऐकायला तिसरं कोणी नव्हतं.

पुढच्याच्या पुढच्या थंडीत साहेब गेले. लग्न केलेलं नव्हतं. लंडनहून पुतण्या आला, एडिनबराहून बहीण आली. चहाच्या वेळी पुतण्याने दोऱ्या वाटल्या. उशाकडची त्याची, मग पलटणीतले, पक्षातले, जमीन कसणारे. मी कप भरत होतो आणि कान तिकडे होते. माझं नाव आलं नाही. मागायची मला सवयच नव्हती; पगारसुद्धा दिला तेवढा घेतला. पण बापाचं राहिलं होतं. हेही राहिलं असतं तर पुढे मी कोणाला काय सांगणार होतो? किटली खाली ठेवून मी साहेबांच्या बहिणीकडे वळलो.

"मॅडम, साहेबांनी मला एक दोरी कबूल केली होती."

पुतण्या म्हणाला, वाटून झाल्या, आणि ड्रायव्हरने गाडीपाशी थांबायला हवं, पाहुण्यांसाठी दारं कोण उघडणार.

"आपापली उघडतील," बाई म्हणाल्या. "माझ्या भावाने एका हाताने उघडली. त्यांना तर दोन दोन आहेत."

मग माझ्याकडे वळून म्हणाल्या की सगळ्यांत जवळची मी, पण इथे बायका कबरीपाशी जात नाहीत, घरात बसून शेरी पितात. मी म्हटलं, आमच्यातही जात नाहीत, फक्त शेरी नसते. त्या पहिल्यांदा हसल्या. पक्षातला एक कमी कर, असं त्यांनी पुतण्याला सांगितलं. साहेब निवडणुकीत पडल्यानंतर पक्षातल्यांनी साधा फोन केला नव्हता.

"पायाकडची याची. ती माझ्या वाटची." मग मला म्हणाल्या, "आणि तू परत आलास की मला सांग कसं झालं. आमचे पुरुष परत येऊन हवेबद्दल बोलतात."

कबरीपाशी दोरी हातात घेण्याआधी मी बूट काढले, मोजेही काढले. खांदा द्यायला माणूस अनवाणी जातो, हेच डोक्यात. गवतावर दंव गोठलेलं होतं. इथे असं कोणी करत नाही हे पुतण्याचा चेहरा बघून कळलं, पण तोवर पेटी उचलली होती. खांद्यावर ओझं बसून राहतं. इथे ते हातांतून सरकत सरकत जातं. पेटी तळाला लागली, बाकीच्यांनी दोऱ्या आत सोडल्या. मी धरूनच उभा. शेजारच्या, साहेबांच्या पलटणीतल्या म्हाताऱ्या सुभेदाराने हळूच मान हलवली, तेव्हा सोडली.

घरी हॉलमध्ये पुरुषांचं खाणं चाललं होतं, आणि खरोखरच हवेच्या गप्पा. बाई मागच्या खोलीत एकट्या होत्या. त्यांनी आधी माझ्या पायांकडे पाहिलं आणि मोजे कुठे गेले ते विचारलं. मग पेटी सरळ गेली का? खाली पाणी होतं का? मी म्हटलं, उशाकडून जरा कलली होती, मग सावरली. माती कोरडी होती, वाळू मिसळलेली.

वडिलांच्या शेवटच्या वाटेबद्दल आईने पत्रात एक ओळही लिहवून घेतली नव्हती. मला ते लागलं होतं. तिलाही घरात बसवलं असणार, आणि परत येऊन कोणी काही सांगितलं नसणार, हे त्या खोलीत उभं राहिल्यावर माझ्या लक्षात आलं.

"पुन्हा सांग," बाई म्हणाल्या. "फाटकापासून."

त्यांनी खुर्ची पुढे सरकवली. त्या घरात त्यांच्यासमोर मी कधी बसलो नव्हतो. बसलो, आणि फाटकापासून सांगायला लागलो.